राजदूताचं कीर्तन

आर्चबिशप इग्नेशस शिरसट यांनी पोपचे राजदूत म्हणून पाच देशांत तीस वर्षं काढली. तासभर बोलायचं आणि ऐकणाऱ्याच्या हाती काही लागू द्यायचं नाही, या कलेत त्यांचा हात धरणारा कुणी नव्हता. निवृत्त होऊन सोलापूरला परतले, तेव्हा मनात एकच हौस उरली होती. चर्चच्या अंगणात वडलांसारखं एकदा तरी कीर्तन रंगवायचं.

त्यांनी बायबलातल्या उधळ्या मुलाची गोष्ट लावली. धाकटा मुलगा वाट्याचं सारं उधळून बापाच्या घराकडे निघाला, इथवर झांजा छान वाजत होत्या. पुढे मात्र जुनी सवय जिभेवर आली. "या घडामोडींकडे वडील बारकाईनं लक्ष ठेवून आहेत. थोरल्या भावाच्या भावनांचाही त्यांना आदर आहे..."

झांजा थांबल्या. त्या आर्चबिशपांच्या थोरल्या बहिणीच्या, दगडाबाईंच्या हातात होत्या. वडलांच्या कीर्तनातही त्याच वाजवायच्या.

"इग्न्या, बापानं पोराला घरात घेतलं का न्हाय?"

"आक्का, त्या दिशेनं चर्चा..."

"व्हय का न्हाय, तेवढं सांग. तवर मी वाजवायची न्हाय."

अंगण हसलं. आर्चबिशपांना घाम फुटला. इतका सरळ प्रश्न त्यांना पाच देशांत कुणी विचारला नव्हता. त्यांनी डोळे मिटले, तर याच अंगणात हात पसरून गाणारे वडील दिसले.

"घेतलं की! धावत जाऊन गळ्याशी धरलं!" ते ओरडले, आणि ओरडता ओरडताच सूर लागला.

दगडाबाईंनी झांजा उचलल्या. "एवढं सांगायला तीस वर्षं लागली व्हय रं?"