मधला खण

मी एक जुनी, अर्चाच्या म्हणजे आमच्या डोंगरातल्या सुवासिक सुचिपर्णी झाडाच्या लाकडाची पेटी आहे. मला तीन खण आहेत. मित्रांनो, तीन हा आकडा नीट ऐकून ठेवा, कारण मी त्यात घासाघीस करत नाही. माझा मधला खण काढून टाका म्हणणारे पुष्कळ आले. एकाने तर त्यावर फळी ठेवून खिळे ठोकले. त्या खिळ्यांची भोकं माझ्या कपाळावर अजून आहेत आणि मी ती कुणापासून लपवत नाही. सुंभ जळला तरी पीळ जळत नाही म्हणतात, आणि मी तर अजून जळलेलीही नाही.

माझा जन्म नारिन नदीच्या वरच्या खोऱ्यात, इस्मार सुताराच्या अंगणात झाला. तो तंबूंच्या कांबी आणि लेकरांचे पाळणे करायचा. एका पाळण्याचं लाकूड उरलं होतं, त्यातून मी झाले. मला करवून घेतलं ते क्षयाच्या दवाखान्यातल्या डॉक्टरीणबाईंनी. त्यांचं नाव सालकिन. सगळं खोरं त्यांना सालकिन एजे म्हणायचं. एजे म्हणजे ताई. म्हातारेसुद्धा त्यांना एजेच म्हणत, कारण त्यांच्यासमोर म्हातारपणाचा तोरा चालत नसे.

"दोन खण पुरेत की," इस्मार म्हणाला होता. "धडधाकट इकडे, आजारी तिकडे. तिसऱ्यात काय भरणार, हवा?"

"इस्मार आका, फळी हातात घेतल्या घेतल्या तुम्हाला कळतं का, ती तडकणार की टिकणार?"

"सगळ्यांचं नाही कळत. काही वाळू द्याव्या लागतात."

"मग त्या कुठं ठेवता?"

इस्मारने दाढी खाजवली आणि हसत हसत आणखी एक फळी रंध्याखाली घेतली. असा मला मधला खण मिळाला. तो कुणाच्या मेहेरबानीने मिळालेला नाही, विचार करून मिळालेला आहे.

माझी जागा खिडकीपाशी होती. शेजारीच एक्स-रेची खोली. छातीचे फोटो धुऊन, वाळवून एजेंपुढे यायचे. त्या एकेक फिल्म उजेडाच्या काचेवर धरायच्या आणि मग माझ्या स्वाधीन करायच्या. डावा खण निरोग्यांचा. उजवा आजाऱ्यांचा. आणि मधला, "पुन्हा बघू"चा. मधल्या खणात गेलेल्या माणसाला सुट्टी नव्हती बरं का. त्याने घरात वेगळं निजायचं, वेगळ्या वाडग्यात चहा प्यायचा आणि सांगितल्या दिवशी परत यायचं. शिंगरांचा राखणदार बाकास असाच मध्ये गेला. पहिला फोटो इतका स्वच्छ होता की दुसऱ्या कुणी त्याला हसत घरी धाडलं असतं. एजेंना मात्र त्याचं धापा टाकत बसणं आवडलं नाही. पुढच्या फोटोत रोग सापडला, वेळेत सापडला, आणि बाकास अजून घोडी वळतोय. तेव्हा मधला खण म्हणजे लाड, असं कुणी समजू नये.

लोक मला मान द्यायचे. दारात आलेली बाई आधी माझ्याकडे बघायची आणि मग एजेंकडे. मधला खण दिसला की तिला धीर यायचा. ती माझी उमेदीची वर्षं होती.

मग शहरातून तालिप आला. नवा मोठा डॉक्टर. माणूस वाईट नव्हता, हे मी आधीच सांगते, कारण खोटं बोलून जिंकण्यात मला रस नाही. त्याला या खोऱ्यातून क्षय हाकलून लावायचा होता आणि तोही ताबडतोब. पण त्याचा सगळा कारभार एक घाव दोन तुकडे.

"एजे, ही मधली भानगड काय आहे?" त्याने पहिल्याच दिवशी विचारलं.

"ज्यांचं अजून कळलेलं नाही, ते."

"कळलं नाही म्हणजे काय? दार उघडं असतं नाही तर बंद असतं."

"आणि वाऱ्याने आपटत असतं तेव्हा?"

"तेव्हा कडी घालायची," तालिप म्हणाला. "तुम्ही एका आजारी बाईला महिनाभर 'पुन्हा बघू' म्हणत बसाल आणि तेवढ्यात ती घरभर रोग वाटून मोकळी होईल. शंका आली की उजवीकडे. माझा हुकूम समजा."

दुसऱ्या दिवशी त्याने माझ्या मधल्या खणावर फळी ठोकली. मित्रांनो, लाकडाला दुखत नाही असं तुम्हाला वाटत असेल. वाटू दे. त्या दिवसापासून उजवा खण फुगू लागला. शंका आली की उजवीकडे, सावली दिसली की उजवीकडे. सुक्याबरोबर ओलंही जळू लागलं. उजवीकडच्यांना खिंडीपलीकडे, सरोवराकाठच्या आरोग्यधामात धाडत. तिथली हवा चांगली, उपचार चांगले, सगळं कबूल. पण तिथून लवकर परतणं नसे. एजे हुकमाप्रमाणे फिल्मा ठेवत होत्या आणि ओठ घट्ट मिटून घेत होत्या. मला त्यांचा राग यायचा. इतकी ताठ बाई आणि मूग गिळून गप्प कशी?

शरद सरत आला होता. खिंडीवर पहिला बर्फ पडला होता आणि आरोग्यधामाची शेवटची गाडी दवाखान्याच्या अंगणात उभी होती. ती गेली की वसंतापर्यंत रस्ता बंद. त्याच दिवशी सकाळी बुरुल आली.

बुरुल नवी सून होती. कडेवरचं पोर अजून अंगावर पीत होतं. पोरीचं नाव सिर्गा. सोबत सासू जुराकान, जिची जीभ खोऱ्यात प्रसिद्ध होती. बुरुलला थोडा खोकला होता, म्हणून तपासणीला आणलेली. एक्स-रे काढायला शार्शेन होता, तो नात्याने तिच्या नवऱ्याचा थोरला चुलतभाऊ. म्हणजे थोरले दीर. आमच्याकडे सून थोरल्या दिराचं नाव घेत नाही. बुरुल त्याला "उजेडवाले" म्हणायची, आणि तेही खालमानेने.

फोटो आला. डाव्या खांद्याच्या हाडापाशी एक लांबट, दाट सावली. तालिपने फिल्म वर धरली आणि क्षणात खाली घेतली.

"उजवीकडे. गाडी उभीच आहे, बसवा हिला."

"आणि पोर?" जुराकानने विचारलं.

"पोर घरी. आईचं दूध आजपासून बंद."

"असं कसं बंद? नळ आहे का तो?" जुराकानने सिर्गाला आपल्या कोटात ओढून घेतलं. "माझी सून खोकत नाही, ठसकते. घाईघाईत वाळल्या दह्याचं कुरुत चघळते आणि ठसकते. दहादा सांगितलं, ऐकेल तर शपथ."

"आजी, सावली फोटोत आहे, घशात नाही."

"मग सावलीला न्या गाडीत. हिला नेणार असाल तर आधी माझ्या अंगावरून गाडी घाला. म्हातारी आहे, पण रुंद आहे."

बुरुलच्या पोलक्यावर छातीपाशी दुधाचा ओला डाग पसरत होता आणि ती तो हाताने झाकत होती. पोर कोटातून आईकडे झेपावत होतं. वसंतापर्यंत ते आईला ओळखेल की नाही, कोण सांगणार होतं? आणि सावली खरी असेल, तर हेच दूध, हाच श्वास त्या पोराच्या जिवावर बेतणार होता. मित्रांनो, दोन्ही बाजूंना आगच होती.

एजेंनी फिल्म हातात घेतली. किती तरी वेळ बघितली. मग त्या उजव्या खणाकडे वळल्या, आणि थांबल्या. शेगडीपाशी निखारे सारायची लोखंडी सळई होती. ती उचलून त्यांनी माझ्या फळीखाली घातली आणि सगळा भार टाकला. खिळे किंचाळत बाहेर आले. मला आयुष्यात इतका सुंदर आवाज ऐकू आलेला नाही.

"एजे, हे काय चाललंय?" तालिप म्हणाला.

"हिचं उत्तर अजून आलेलं नाही." त्यांनी बुरुलची फिल्म मधल्या खणात ठेवली. "उद्या पुन्हा फोटो काढायचा. तोवर ही इथंच, माझ्या डोळ्यांसमोर राहील. पोर आजीपाशी. दूध पिळून टाकेल, म्हणजे आटणार नाही."

"गाडी उद्या नाही. उद्या ही आजारी निघाली तर? वसंतापर्यंत कुठं ठेवणार?"

"माझ्या घरात ठेवीन."

"माहीत नाही, हे काय डॉक्टरचं उत्तर झालं?"

"झालं. आणि खोटं 'हो' देण्यापेक्षा चांगलं झालं. इतके महिने मी तुमच्या फळीला भीत होते, तालिप. आता नाही भीत."

गाडी बुरुलला न घेता गेली. त्या रात्री कुणाला झोप लागली असेल असं वाटत नाही. मी तर मधल्या खणात ती एक फिल्म घेऊन सकाळची वाट पाहत होते. माझ्या भरवशावर एक आई मागे राहिली होती, आणि मी चुकले असते तर मला चुलीत घालायलाही हरकत नव्हती.

सकाळी शार्शेनने दुसरा फोटो काढला. ओली फिल्म चिमट्यात धरून एजे काचेपाशी आल्या. तालिप मागे उभा होता. सावली होती. तशीच लांबट, तशीच दाट.

"बघा," तालिप म्हणाला, पण त्याच्या आवाजात आनंद नव्हता.

एजेंनी माझ्यातली कालची फिल्म काढून शेजारी धरली. कालची सावली हाडाच्या वर होती. आजची खाली होती.

"रोग एका रात्रीत जागा बदलून झोपतो का?" एजे म्हणाल्या.

तालिपने दोन्ही फिल्मा स्वतःच्या हातात घेतल्या. एकीवर एक ठेवून पाहिल्या. "सरकलीय," तो म्हणाला. "हे आतलं नाही. बाहेरचं काहीतरी आहे."

"पोरी, गळ्यात काय होतं?" एजेंनी विचारलं. "तावीज? साखळी?"

बुरुलने मान हलवली. सगळं काढून ठेवलं होतं. शार्शेन दारात उभा होता आणि ती जमिनीकडे बघत होती. जुराकानने आधी सुनेकडे पाहिलं, मग दारातल्या पुतण्याकडे, मग पुन्हा सुनेच्या पाठीकडे.

"अगं बये," ती हळूच म्हणाली. "वेण्या. वेण्या कुठं होत्या तुझ्या?"

बुरुल लाल झाली. "पाठीवर. आत खुपसल्या होत्या."

"वर बांधायला सांगितलं नव्हतं का?"

"सांगितलं होतं. पण उजेडवाले समोर होते, आई. त्यांच्यासमोर डोक्यावरचा रुमाल कसा सोडू?"

सूनपण कुणी नीट पाळावं तर असं! दोन जाड वेण्या एकत्र पिळून तिने पातळ पोलक्याआड पाठीवर दडवल्या होत्या, आणि त्यांचीच सावली छातीवर पडली होती. लाजेपायी पोरगी वसंतापर्यंत परागंदा व्हायला निघाली होती, पण बोलली नव्हती. शार्शेन तर जमीन दुभंगेल तर बरं अशा चेहऱ्याने अंगणात निघून गेला.

"मला बोलायचं नाहीस का, गाढवे?" जुराकान म्हणाली. "मी त्याला झाडू घेऊन बाहेर काढला असता." आणि ती रडायला लागली. तिला रडताना त्या खोऱ्यात पहिल्यांदाच कुणी पाहिलं.

तिसरा फोटो एजेंनी स्वतः काढला. बुरुलच्या वेण्या जुराकानने आपल्या हाताने डोक्यावर बांधल्या. फोटो निघाला काचेसारखा निर्मळ. एजेंनी तो तालिपच्या हातात दिला. त्याने तो डाव्या खणात ठेवला, सावकाश ठेवला. बुरुल तिथंच बाकावर बसली आणि तिने सिर्गाला पाजायला घेतलं. खोलीत फक्त पोराच्या पिण्याचा आवाज होता.

"ती फळी कुठंय?" थोड्या वेळाने तालिपने विचारलं.

"शेगडीत," एजे म्हणाल्या. "चहा तिच्यावरच उकळलाय. घ्या."

त्याने घेतला. माफी मागितली नाही, पण वाडगं पुन्हा पुढे केलं. वसंतात खिंड उघडली तेव्हा तो स्वतः सरोवराकाठी गेला आणि फळीच्या दिवसांत गेलेल्या सगळ्यांचे फोटो नव्याने काढायला लावले. काही घरी परतले. काही खरेच आजारी होते, ते राहिले. माझ्यावर पुन्हा कुणी हातोडा उगारला नाही.

पुढे एजे थकल्या, वारल्या. दवाखान्यात पडद्यावर फोटो दाखवणारी यंत्रं आली आणि मला मागच्या पडवीत टाकलं. कुणी माझ्यात खडू ठेवले, कुणी कोळसे. उंदरांनी उजव्या खणात संसार थाटला. हे सांगताना माझा आवाज ओलावतो, पण मी दयेची भीक मागत नाही. जिने मला न्यायला हवं होतं, तीच मला न्यायला आली.

सिर्गा आता खोऱ्यातल्या शाळेत शिकवते. तिने मला घासूनपुसून वर्गातल्या खिडकीपाशी ठेवलंय. मुलांच्या वह्या माझ्यात येतात. परवा एक तपासणीस आले आणि माझ्यात डोकावले.

"हुशार कोणती आणि ढ कोणती, तेवढं सांगा म्हणजे झालं," ते म्हणाले. "या मधल्या वह्या कुणाच्या?"

"त्यांचं उत्तर अजून आलेलं नाही," सिर्गा म्हणाली. तिला हे शब्द कुणी शिकवले नव्हते. तेव्हा तर ती दूध पीत होती.

मित्रांनो, तुमच्या वर्गातल्या एखाद्याला ढ म्हणण्याआधी, शेजाऱ्याला लबाड म्हणण्याआधी, स्वतःला नालायक म्हणण्याआधी, एकदा पुन्हा बघा. सावली कशाची आहे ते बघा. मला तेल लावा, माझे खण कोरडे ठेवा, एवढं तुम्ही माझ्यासाठी कराल, मला ठाऊक आहे. आणि माझ्या मधल्या खणावर फळी ठोकायला पुन्हा कुणी आलंच, तर अडवू नका, येऊ द्या. जुनी भोकं मोठी झाली आहेत. त्यांत आता खिळा धरत नाही.