रविंद्रसरांची वरची कवळी

मी एक कवळी बोलतेय, वरच्या जबड्याची. खरं तर बोलतात रविंद्रसर. मी नुसती आत असते. त्यात माझं कर्तृत्व किती, याची मला कायम शंका येते.

जुन्नरच्या एका दवाखान्यात मी सरांच्या तोंडी लागले. सर निवृत्त प्राध्यापक. वडील जलशात गायचे, म्हणून यांनी संगीतिका लिहिल्या. अख्खी गोष्ट गाण्यातून! रंगमंचावर एकच आली, तीही एकदाच. ओळ अडली की सर जिभेनं मला ढकलत बसायचे. त्यानंच मी सैल झाले.

सत्तरीत त्यांना आरोहीनं, त्यांच्या जुन्या विद्यार्थिनीनं, आपल्या छोट्याशा सिनेमात घेतलं. निरगुडसर गावात, फुलाबाई नावाच्या आजींच्या अंगणात चित्रीकरण. बापानं मुलीला फोनवर विचारायचं, "कधी येतेस?" बस्स.

"टक् येतंय राव," ध्वनिमुद्रण करणारा स्वराज कुरकुरला.

पंखा बंद केला. शेळी लांब बांधली. फुलाबाईंचं घड्याळ गोधडीत गुंडाळलं. सरसुद्धा खाटेखाली वाकून शोधू लागले! कवळीचं गुपित त्यांनी बारा वर्षं जपलं होतं. मी गप्प राहू पाहत होते, पण ते माझ्या हातात कुठं?

"ऊन उतरतंय," आरोही म्हणाली. "सर, आवाज नंतर दुसऱ्या कुणाचा घालू."

दुसऱ्याचा आवाज! सर पांढरे पडले.

"आवो पावणं," फुलाबाई म्हणाल्या, "आमच्या मामंजींचीबी अशीच वाजायची. काढा की! लाजताय काय नव्या नवरीवानी?"

सगळे हसले. सरांनी पाठ फिरवली आणि मी फुलाबाईंच्या वाटीत पडले.

"झाकून ठिवते. कोंबडी लई वंगाळ हाय."

झाकणाखालून मी ऐकलं, "कधी येतेस?" मऊ, जरा फुसफुसतं. वर्गातल्यासारखं शेवटच्या रांगेपर्यंत फेकलेलं नव्हतं. एकाच माणसाला विचारलेलं होतं. आरोही 'कट' म्हणायचं विसरली.

तेव्हापासून सर धीट झालेत. नवी संगीतिका लिहितायत. गायिकेला चाल सांगताना मला बिनदिक्कत काढतात आणि सदऱ्याच्या खिशात टाकतात.

त्याच खिशात भाजलेले शेंगदाणे असतात. ते माझ्याशेजारी, मी त्यांच्याशेजारी, आणि सर बाहेर गात बसलेले. कुणीतरी त्यांना माझी आठवण करून द्या हो!