निरोप्याचे आसन

वरिष्ठ सभागृहाच्या पूर्वेकडील भिंतीशी, थोड्याशा उंचीवर सभापतींचे आसन आहे आणि त्या आसनाखाली निळा गालिचा अंथरलेला आहे. गालिचा आता जागोजागी विरला आहे. परंतु तो बदलावा असे कुणी सुचवीत नाही, कारण आसनापेक्षाही मान त्या गालिच्याचा आहे.

राजे राज्य करीत होते त्या काळी सभापती हा सभेचा प्रमुख नव्हताच. तो निरोप्या होता. राजाचे म्हणणे सभेला सांगावे, सभेचे म्हणणे राजाला सांगावे आणि मध्ये स्वतःचा एकही शब्द मिसळू नये, एवढेच त्याचे कर्तव्य. सभा त्याला दरबारचा समजे, दरबार त्याला सभेचा समजे आणि प्रसंगी दोन्हीकडून त्याची खरडपट्टी निघे. तो धड इकडचाही नाही नि तिकडचाही नाही, म्हणून तो ज्या गालिच्यावर उभा राही तो सभागृहात असूनही सभागृहाबाहेरचा मानला गेला. पुढे राजे गेले, गालिचा राहिला. त्यावर बसणाऱ्याने चर्चेत स्वतःचे मत उच्चारू नये, उच्चारायचे असल्यास गालिच्याखाली उतरावे आणि आसन उपसभापतींच्या स्वाधीन करावे, हा दंडक आजही पाळला जातो. पक्षपाताचा ठपका ज्याच्यावर सिद्ध होतो, त्या सभापतीने त्याच दिवशी आसन सोडायचे असते.

अशा आसनावर त्या वर्षी सभागृहातील सर्वांत बोलके सदस्य बसले होते. त्यांची निवड बिनविरोध झाली, तेव्हा पत्रकारांना मोठे नवल वाटले. सदस्यांना मुळीच वाटले नाही.

"आता तरी हा गप्प बसेल," असे एक वयोवृद्ध सदस्य मतदानानंतर उघडपणे म्हणाले, आणि नवे सभापतीच सर्वांत मोठ्याने हसले.

त्यांच्या वाक्पटुत्वाचे मूळ मात्र मौनात होते. त्यांची थोरली बहीण जन्मतः ऐकू शकत नसे. बोबडे बोल फुटण्याआधीच ते तिच्या मांडीवर बसून हातांनी बोलायला शिकले होते. ताई पुढे पुस्तकबांधणीच्या व्यवसायात नावारूपाला आली. परंतु न्यायालय असो, रुग्णालय असो वा कचेरी, जगाचे म्हणणे तिच्यापर्यंत भावाच्या बोटांतूनच पोहोचत राहिले. अशा सर्व ठिकाणी सरकारने खुणांची भाषा जाणणारा दुभाषी नेमावा, असे विधेयक त्यांनी सदस्य असताना वारंवार मांडले होते आणि ते वारंवार आपटले होते. आता तेच विधेयक एका डॉक्टरीणबाईंनी मांडले होते, आणि ज्याने त्यासाठी उमेदीची वर्षे घालवली त्यालाच तोंडाला कुलूप लावून वर बसायचे होते.

चर्चेच्या दिवशी ताई प्रेक्षकांच्या सज्जात, अगदी पुढच्या ओळीत, येऊन बसली.

डॉक्टरीणबाईंचे भाषण सरळ आणि थोडके झाले. त्यानंतर विरोधासाठी वकीलसाहेब उठले. सभागृहात त्यांच्या युक्तिवादाची धार सर्वांना ठाऊक होती.

"घरची माणसं असतात की!" ते म्हणाले. "आई असते, भाऊ असतो. मायेच्या माणसापेक्षा चांगला दुभाषी सरकार कुठून आणणार? घरातलं काम सरकारच्या गळ्यात कशाला?"

सदस्यांनी बाके वाजवली. वकीलसाहेब समाधानाने पाणी पिण्यासाठी थांबले, त्यांनी वर पाहिले आणि पेला तसाच खाली ठेवला.

"सभापती महोदय, माझा हरकतीचा मुद्दा आहे."

"मांडा."

"आपले हात."

"माझ्या हातांना काय झालं?"

"मघापासून हलताहेत, महोदय! आणि सज्जातल्या त्या बाईंची नजर त्यांच्यावर खिळली आहे. आमची भाषणं चालू असताना आपण त्यांना काय सांगत होता?"

सभापतींनी आपल्या हातांकडे असे पाहिले, जणू ते कुणी तरी टेबलावर विसरून गेले होते. ताई समोर आणि कुणी तरी बोलते आहे, एवढे जुळून आले की त्यांचे हात आपोआप चालू लागत. जन्माची सवय ती. आसनावर बसल्याने सुटली नव्हती.

"हलले असतील," ते म्हणाले. "मी फक्त भाषणं पोहोचवत होतो."

"की मीठमसाला लावत होता? विधेयक आपलंच आहे, हे सगळ्यांना माहीत आहे."

सभागृह गंभीर झाले. स्वतःच्याच प्रकरणात स्वतः निवाडा करणे अशक्य. म्हणून सभापती उठले, निळ्या गालिच्यावरून खाली उतरले आणि सामान्य सदस्यांसारखे एका बाकाशी उभे राहिले. ठपका सिद्ध झाला असता तर आसन गेले असते, आणि कलंकित चर्चा म्हणून विधेयकही निकालात निघाले असते.

उपसभापतीबाई आसनावर बसल्या. त्या कधीही घाई करीत नसत. "ज्यांना सांगितलं, त्यांनाच विचारू या," त्या म्हणाल्या. "त्यांचं म्हणणं आम्हाला कोण सांगेल?"

सर्वांच्या माना सभापतींकडे वळल्या.

"छे, छे!" वकीलसाहेब उसळले. "ज्याच्यावर आरोप, तोच साक्षीदाराचा दुभाषी? आणि वर सख्खा भाऊ! घरच्या माणसाचा काय भरवसा? मला त्रयस्थ माणूस हवा."

उपसभापतीबाईंनी सचिवांकडे पाहिले. सचिव बाहेर जाऊन चौकशी करून आले आणि खालच्या आवाजात म्हणाले, "बाईसाहेब, सगळ्या इमारतीत असा माणूस नाही."

"एकही?" वकीलसाहेबांनी विचारले.

"एकही नाही, साहेब. तसं पदच नाही."

डॉक्टरीणबाई अत्यंत नम्रपणे उभ्या राहिल्या. "वकीलसाहेबांनी आत्ता जे मागितलं, तेच माझ्या विधेयकाचं दुसरं कलम आहे. त्यांनी पाठिंबा दिला असं धरू का?"

प्रथम मागच्या बाकांवर कुणी तरी खुदकन हसले, मग हसू पुढे पसरत आले. वकीलसाहेबांनी चष्मा काढला, पुसला, पुन्हा लावला.

"आजचं तर भागवा," उपसभापतीबाई म्हणाल्या. "दुसरा उपाय नाही. विचारा तुमच्या ताईंना."

सभापतींनी हात उंचावून प्रश्न विचारला. ताईने उत्तर द्यायला आरंभ केला आणि पाहता पाहता तिच्या हातांचा आवेश वाढला. सभापतींचा चेहरा पडत गेला.

"बोला की," वकीलसाहेब म्हणाले.

"ती म्हणते... वकीलसाहेबांचं भाषण मी इतकं धारेसकट सांगितलं की तिलाच पटायला लागलं. आणि डॉक्टरीणबाईंचं होतं तसंच अळणी. ती म्हणते, जन्मभर ज्याच्यासाठी भांडलास, त्याचंच घोडं मारलंस. ती म्हणते..." ते अडखळले.

"पुढं?"

"ती म्हणते, माझा भाऊ गाढव आहे."

भाषांतर यथार्थ आहे की नाही, याची शंका उरू नये म्हणूनच की काय, ताईने दोन्ही तळहात कानांशी नेऊन लांबच लांब कान हलवून दाखवले. ती खूण जाणण्यास दुभाष्याची आवश्यकता नव्हती. सभागृह हास्यात बुडाले; काठी सावरणाऱ्या चोपदारालाही भिंतीकडे तोंड फिरवावे लागले.

वकीलसाहेब सर्वांत शेवटी हसले, परंतु मनापासून.

"माझी हरकत मागे घेतो," ते म्हणाले. "स्वतःला गाढव म्हटलेलं जो जसंच्या तसं सांगतो, त्याने माझं भाषण बिघडवलं नसणार. पण बाईसाहेब, आणखी एक. सगळ्याच भावांची अशी परीक्षा घ्यायला आपल्याला वेळ नाही. घरची माणसं पुरतात, हेही मी मागे घेतो."

उपसभापतीबाईंनी निर्णय दिला. दुसऱ्याचे शब्द पदरचे काही न घालता पोहोचवणे हे या आसनाचे सर्वांत जुने कर्तव्य असून सभापतींच्या हातून तेच घडले आहे, असे त्यांनी सांगितले. सभापती पुन्हा गालिच्यावर चढले. आता मात्र त्यांनी दोन्ही हात टेबलाच्या कडेला घट्ट धरून ठेवले.

मतदान झाले. वकीलसाहेब आणि त्यांच्या मागचे बाकच्या बाक अनुकूल बाजूस उभे राहिले. समसमान मते पडली तरच सभापतींनी मत द्यायचे असते. तशी वेळच आली नाही. "विधेयक मंजूर," एवढे दोनच शब्द त्यांच्या मुखातून बाहेर पडले.

सभा संपल्यावर ताई सज्जाच्या जिन्यापाशी उभी होती. सरसाचे डाग पडलेली तिची बोटे वेगाने हलली. 'शेवटी काय झालं? तू हात का थांबवलेस? मला काही कळलं नाही.'

भावाने सारे सांगितले.

'आणि तू काय केलंस?' तिने विचारले.

'काही नाही. गप्प बसलो.'

ताईचे डोळे भरून आले, आणि हसत हसत तिने पुन्हा एकदा दोन्ही तळहात कानांशी नेले.