चोवीस डोकी

बसमधली माणसं मोजायची एक रीत असते. चेहरे बघायचे नाहीत. चेहरे बघितले की कुणी हसतं, कुणी विचारतं "अजून किती लांब आहे हो?", आणि आकडा डोक्यातून निघून जातो. म्हणून गाईडबाई मागच्या दाराने चढायच्या आणि प्रत्येक सीटच्या पाठीवर बोट टेकवत, नुसती डोकी मोजत पुढे यायच्या. टक्कल असो, टोपी असो, वेणी असो, बोट टेकलं की एक. पुढे पोचल्या की ड्रायव्हर विचारायचा, "किती?" बाई म्हणायच्या, "चोवीस. चल." अकरा वर्षांत हा आकडा एकदाही चुकला नव्हता, आणि बाईंना स्वतःबद्दल अभिमान वाटावा अशा ज्या दोन-चार गोष्टी उरल्या होत्या त्यातली ही एक होती.

त्या दिवशीही सकाळी सात वाजता शहरातून निघताना चोवीस होते. धरणावर चोवीस, दगडी पुलावर चोवीस, मधमाश्यांच्या पेट्यांपाशी चोवीस आणि एक गांधीलमाशी. "शहराच्या धकाधकीपासून दूर, निसर्गाच्या कुशीत" हे वाक्य बाईंनी माइकवरून तीनदा म्हटलं. ते आता त्यांच्या तोंडून आपोआप निघायचं, आणि तेवढ्या वेळात त्या घरात साबण संपलाय का याचा विचार करू शकायच्या. उजवा गुडघा दुपारपासून बोलायला लागला होता. निसर्गाच्या कुशीत चढउतार फार.

पण आज गुडघ्यापेक्षा जड एक गोष्ट त्या सकाळपासून वाहत होत्या. सहलीचा शेवटचा थांबा म्हणजे टोपल्या विणणाऱ्यांचं गाव. कंपनीने कालच कळवलं होतं, की पुढच्या महिन्यापासून हा थांबा बंद; त्याऐवजी फाट्यावर नवी फुलबाग झाली आहे, तिथे लोकांना फोटो काढायला आवडतं. कंपनीच्या दृष्टीने एक ओळ खोडली आणि दुसरी लिहिली. बाईंच्या दृष्टीने ती खोडलेली ओळ म्हणजे त्यांची आई होती.

कारण त्या गावात पिंपळाखाली बसून पाहुण्यांना टोपली विणून दाखवणारी म्हातारी म्हणजे बाईंची सख्खी आई. हे कंपनीत ड्रायव्हरखेरीज कुणाला ठाऊक नव्हतं. थांब्यावर गाईडचं नातेवाईक नको, असा कंपनीचा कडक नियम होता. फार पूर्वी कुणा बहाद्दराने प्रत्येक सहलीचं जेवण आपल्या मेहुण्याच्या खानावळीत घातलं होतं, तेव्हापासूनचा. त्यामुळे मायलेकी अकरा वर्षं एकमेकींना परक्या होत्या. "या आजी गावातल्या सगळ्यात जुन्या कारागीर," असं बाई सांगायच्या. आईही इतकी पक्की, की चोवीस जणांदेखत लेकीला "मॅडम" म्हणायची आणि वर विचारायची, "तुमच्याकडे शहरात पाऊसपाणी कसं?" चाळीस मिनिटांच्या थांब्यातली शेवटची पाच मिनिटं घरामागच्या नळापाशी त्या मायलेकी व्हायच्या. गोळ्या घेतल्यास का, मुलगी काय म्हणते, जावयाची पाठ कशी आहे, एवढ्यात वेळ संपायचा.

"पुढच्या वेळी येते आणि तुला घेऊनच जाते," हे बाई तीन वर्षं म्हणत होत्या. मनापासून म्हणत होत्या, हे त्यांच्या बाजूने सांगायला हवं. पण घर दीड खोलीचं. त्यात नवरा, कॉलेजात जाणारी मुलगी, आणि मुलीचं टेबल, ज्यावर दिवसा अभ्यास आणि रात्री जेवण व्हायचं. आईची खाट कुठे घालायची, इथे येऊन विचार थांबायचा, आणि दिवसभर उभं राहून आलेलं माणूस पुढचा विचार उद्यावर टाकून झोपी जायचं.

चार वाजता बस गावात पोचली. उतरता उतरता एका गृहस्थांनी बाईंना थांबवलं. निवृत्त हेडमास्तर, एकटेच आलेले, दर थांब्यावर मनगट पुढे करून "इथे किती मिनिटं?" विचारणारे. बसमधल्या बायकांनी दुपारपर्यंत त्यांचं नाव घड्याळकाका ठेवलं होतं. या वेळी मात्र चेहरा उतरला होता.

"जरा आडवं व्हायला जागा मिळेल का? उन्हाने डोकं गरगरतंय. दहाच मिनिटं."

बाईंनी त्यांना हाताला धरून समोरच्याच घरात नेलं, आतल्या खोलीत खाटेवर झोपवलं, पाणी दिलं, चादर दिली आणि दार लोटून घेतलं. घर अर्थातच आईचं. आई तेव्हा पिंपळाखाली पाहुण्यांच्या गराड्यात होती. आईला सांगू, असं बाई मनाशी म्हणाल्या आणि तेवढ्यात एकीची चप्पल तुटली.

नळापाशी जायची वेळ झाली तेव्हा आई तिथे नव्हती. खरं सांगायचं तर बाईंना हायसंच वाटलं. थांबा बंद होतोय हे पाच मिनिटांत कसं सांगतात? पुढच्या आठवड्यात सांगू. त्या दोन मिनिटं नळापाशी थांबल्या, गुडघ्यावर पाणी मारलं आणि शिट्टी वाजवत बसकडे गेल्या. माणसं मलूल चेहऱ्यांनी चढली. बाई मागून पुढे आल्या, बोट टेकवत. टक्कल, वेणी, टोपी, पदर, वेणी.

"किती?"

"चोवीस. चल."

पाऊण तासाने, डोंगर उतरून बस सपाटीला लागली तशा बाई उठल्या. परतीच्या वाटेवर कंपनीचे अभिप्रायाचे फॉर्म वाटायचे असतात. निम्मे लोक घोरत होते. बाई न बघता फॉर्म पुढे करत, न बघता पेन देत मागे चालल्या होत्या. सातव्या ओळीत एक हात पुढे आला. अंगठ्यावर वेताने पडलेले काळे चरे, करंगळी जराशी वाकडी. तो हात बाईंनी लहानपणी ताप आला की कपाळावर घेतला होता.

आई खिडकीपाशी बसली होती. डोक्यावरून पदर, मांडीवर कापडी पिशवी, पायाशी एक झाकणाची टोपली.

"मला काय लिहिता येतंय?" आई म्हणाली. "तूच लिही. चांगलं आहे म्हणून लिही."

बाईंच्या हातातले फॉर्म खाली गेले. "आई! तू बसमध्ये काय करतेयस?"

हा "आई" इतका मोठ्याने निघाला की घोरणारेही जागे झाले.

"तुझ्या ड्रायव्हरने सांगितलं," आई म्हणाली. "मावशी, पुढच्या महिन्यापासून आपली भेट नाही, म्हणाला. म्हटलं, तू काही सांगायची नाहीस. म्हणून आवरलं आणि आले. ही जागा रिकामी होती."

आरशात ड्रायव्हरने मान खाली घातली.

बाईंनी परत त्या सीटकडे बघितलं. जागा रिकामी कशी? आकडा तर चोवीस आला होता. आईला धरून चोवीस, म्हणजे... सीटवरच्या जाळीत घड्याळकाकांची टोपी होती.

"आई, निघताना घराचं दार—"

"कुलूप लावलं. उघडं टाकून येईन का?"

"आतल्या खोलीत बघितलंस?"

"आतल्या खोलीत काय बघायचं? माझंच घर आहे!"

बाई समोरच्या सीटला धरून उभ्या राहिल्या. आईने घड्याळकाकांना आत कोंडून कुलूप लावलं होतं. बाकीच्यांनाही हळूहळू कळलं, तशी बसमध्ये कुजबुज झाली. मागून एका बाईने विचारलं, "म्हणजे मघाच्या टोपलीवाल्या आजी तुमच्या आई? आणि त्या तुम्हाला मॅडम म्हणत होत्या?" कुणी हसलं. कुणी म्हणालं, आता परत जाणार म्हणजे घरी पोचायला दहा वाजणार, सकाळी कामावर जायचंय. ते खरंच होतं.

"ताई, वळवू?" ड्रायव्हरने विचारलं.

"वळव."

घड्याळकाकांच्या सीटशेजारची मुलगी आपण होऊन उठली आणि बाई आईशेजारी टेकल्या. दिवसभरात पहिल्यांदाच.

"मी सांगणार होते," बाई म्हणाल्या. "पुढच्या आठवड्यात."

"तीन वर्षं तुझा पुढचा आठवडाच चाललाय." आईच्या बोलण्यात राग नव्हता, म्हणूनच ते लागलं. "थंडीत मी पडले होते. तुला बोलले नाही. सकाळी खाटेवरून उठताना पडले ती दुपारी शेजारीण येईपर्यंत जमिनीवरच. छत बघत होते. म्हटलं, तू यायला किती दिवस आहेत ते मोजू. चार दिवस होते."

मघाशी आपण या सीटच्या पाठीला बोट लावलं, हा पदर बघितला, आणि पुढे गेलो, हे बाईंच्या डोक्यातून जाईना. आईचं डोकं मागून ओळखता आलं नाही. मोजून पुढे गेलो.

गावात पोचले तेव्हा घरासमोर पाच-सहा माणसं जमली होती. आतल्या खोलीच्या खिडकीच्या गजांतून घड्याळकाकांचा हात बाहेर आला होता आणि शेजारीण त्यात चहाचा कप देत होती.

"बस जाऊन ब्याण्णव मिनिटं झाली!" काका गजांतून ओरडले. "दहा मिनिटं म्हणालो होतो मी! मी तक्रार करणार आहे!"

"करा," बाई म्हणाल्या. चूक त्यांचीच होती आणि भांडायला त्राण नव्हतं. "फॉर्म आहे, देते."

आईने कुलूप काढलं. काका तरातरा बाहेर आले, तशी आईने त्यांना वरपासून खालपर्यंत न्याहाळलं. "माझ्या खाटेवर झोपला होतात? चादरीची घडी घातलीत का?"

एवढा संतापलेला माणूस, पण हेडमास्तरच तो. "घातली," ते म्हणाले आणि बसकडे गेले.

बाई आत आल्या तेव्हा आई बाहेरच्या खोलीत पाटावर बसली होती. पिशवी शेजारी.

"जा तुम्ही," आई म्हणाली. "आता सगळ्यांना कळलं. माझ्यापायी तुझी नोकरी जायची. शेजारीण आहे की इथे."

आणि क्षणभर बाईंना सुटल्यासारखं वाटलं. नाही म्हणण्यात अर्थ नाही. एक क्षण त्यांना ते दीड खोलीचं घर दिसलं, टेबल दिसलं, उद्या सकाळची सातची बस दिसली, आणि वाटलं, बरं झालं, तीच नको म्हणते. मग त्यांनी खोलीकडे बघितलं. माठ पालथा घातला होता. चूल पुसून त्यावर जुनं पोतं टाकलं होतं. एकुलता एक कप धुऊन उलटा ठेवला होता, वेताच्या जुड्या दोरीने बांधून कोपऱ्यात उभ्या केल्या होत्या. रात्रीपुरतं पाणीसुद्धा आईने ठेवलं नव्हतं. चाळीस मिनिटांच्या थांब्यात, पाहुणे टोपल्यांचे फोटो काढत असताना, आईने एक अख्खा संसार मिटवला होता.

बाईंनी पिशवी उचलली. आतल्या खोलीत डोकावून बघितलं, खाटेखालीही बघितलं.

"ऊठ."

"अगं पण झोपू कुठे मी?"

"टेबलाखाली झोपेन मी. तू ऊठ."

कुलूप बाईंनी स्वतः लावलं आणि किल्ली आईच्या हातात दिली.

बसमध्ये चोवीस सीट प्रवाशांच्या, पंचविसावी ड्रायव्हरशेजारची गाईडची. तिथे बाईंनी आईला बसवलं आणि मागे गेल्या. मग तशाच परत पुढे आल्या. या वेळी त्या पुढून मागे निघाल्या, एकेकाच्या तोंडाकडे बघत. कुणी कपाळाला आठ्या घातल्या होत्या, दोघं झोपले होते, घड्याळकाकांनी मान फिरवून घेतली. एका मुलीने विचारलं, अजून किती लांब आहे हो? बाईंनी तिला नीट उत्तर दिलं आणि तरी आकडा गेला नाही. पुढे येऊन त्या दाराच्या पायरीवर, आईच्या पायांशी, दुखरा गुडघा लांब करून बसल्या. शहर अजून साडेतीन तासांवर होतं.

"किती?" ड्रायव्हरने विचारलं.

"पंचवीस."

आई वाकली. "मला धरलंस का?"

"धरलं."

"मघाशी पण धरलं होतंस."

"मघाशी चुकून धरलं होतं, आई," बाई म्हणाल्या. "आत्ता बघून धरलं."

मग त्या ड्रायव्हरला म्हणाल्या, "चल."