कोर्टासमोरचा नळ

वकीलबाईंनी पाण्याची बाटली पुढे केली, पण इस्त्रीवालीने मान हलवली. "राहू द्या. काम झालं की बाहेर नळावर पिईन," ती म्हणाली. सकाळपासून घशाला कोरड पडली होती, पण आजचं पाणी तिने राखून ठेवलं होतं.

खूण तिनेच सुचवली होती. लेकाला अटकपूर्व जामीन मिळाला, तर फाटकाबाहेरच्या नळावर पोटभर पाणी प्यायचं. रस्त्यापलीकडे चहाच्या दुकानात बसलेल्या लेकाने आणि सुनेने ते पाहिलं की तडक आत यायचं, आणि मला कुणी पळवलं नाही, मी माझ्या पायांनी आले, असं सुनेने न्यायाधीशांना सांगायचं. नाही मिळाला, तर नळाला हात लावायचा नाही, आणि दोघांनी गुपचूप नाहीसं व्हायचं. फोनवर कळवायची सोय नव्हती. तिचा फोन पोलिसांनी केव्हाच ठेवून घेतला होता, आणि माग लागू नये म्हणून लेकाने आपला बंद ठेवला होता.

सुनेने आधीच आत का जाऊ नये, असं कुणीही विचारील. ती एकदा पोलीस ठाण्यात गेली होती, लग्नाच्याही आधी, आपण होऊन, बापापासून संरक्षण मागायला. ठाण्याने तिला बापाच्या हवाली केलं आणि बापाने खोलीला कुलूप घातलं. एकोणीस वर्षांची धडधाकट मुलगी, पण बाप न्यायला आला की ठाण्याला ती कडेवरचं मूल वाटते. त्या खोलीतून निसटून तिने लग्न केलं. आता नवरा शेजारी असेल तरच ती आत पाऊल टाकणार होती.

बाप, म्हणजे बंगल्यातले साहेब, पुढच्या बाकावर बसले होते. त्यांची तक्रार अशी, की इस्त्रीवालीच्या पोराने मुलीला धाक दाखवून पळवलं आणि इस्त्रीवालीने तिला फूस लावली. फूस लावायला तिला फुरसत तरी कुठे होती? दिवसभर इस्त्री ढकलून खांदा असा भरून यायचा, की रात्री पोटच्या पोराशीही दोन शब्द बोलायचं त्राण नसे. कपड्यांचं गाठोडं बंगल्यावर पोचवायला ती त्याला पाठवायची, एवढाच काय तो तिचा हात. साहेबांच्या कॉलरला आज दुसऱ्या कुणाच्या इस्त्रीने दुहेरी घडी पडली होती. ती मोडून नीट करायला तिचे हात शिवशिवले, आणि तिला स्वतःच्याच हातांचा राग आला.

वकीलबाई जीव तोडून बोलल्या. मुलगी सज्ञान आहे, लग्नाची रीतसर नोंद झाली आहे, सगळं त्यांनी मांडलं. न्यायाधीशांनी शांतपणे ऐकून घेतलं.

"मुलगी समोर आल्याशिवाय ती राजीखुशीने गेली हे मी कशावरून मानू?"

"मुलाला संरक्षण मिळालं की ती लगेच येईल."

"ती आली की संरक्षणाचं बघू."

झालं. अर्ज मायलेक दोघांचेही होते; आईला जामीन मिळाला, मुलाचा अर्ज फेटाळला. मुलाच्या शोधाला तिने मदत करायची, आजच ठाण्यात जाऊन जबाब द्यायचा, अशी अट पडली.

"मावशी, तुमचं तरी झालं," वकीलबाई म्हणाल्या.

"माझं घेऊन काय करू मी?"

वरच्या कोर्टात जाऊ, असं वकीलबाईंनी सांगितलं. तोवर काय, असं तिने विचारलं, तेव्हा त्या फायली गोळा करू लागल्या.

ठाण्यात न्यायला एक शिपाईबाई आली. बाई स्वभावाने चांगली होती, आणि तेच वाईट झालं. फाटकाबाहेर ऊन रणरणत होतं. शिपाईबाई थेट नळाकडे वळली आणि म्हणाली, ठाण्यात पाण्याचा खडखडाट आहे, इथेच पिऊन घेऊ.

इस्त्रीवालीला तिच्याबरोबर जावंच लागलं. रस्त्यापलीकडे बाकावरून तिचा लेक उठला. अंगात चुरगळलेला निळा शर्ट. सासू नळापाशी थांबलेली पाहून सुनेच्या चेहऱ्यावर हसू फुटलं आणि तिने रस्त्याकडे एक पाऊल टाकलंसुद्धा.

इस्त्रीवाली झटकन नळापासून मागे सरली. दोन्ही हात तिने पाठीमागे घट्ट धरले.

"प्या ना मावशी, ओठ बघा कसे सुकलेत."

"तहान नाही मला."

शिपाईबाई ओंजळीने प्यायली, तोंडावर पाणी मारलं. चार थेंब इस्त्रीवालीच्या पावलांवर उडाले. तिला रडू येत होतं, पण शिपाईबाईची नजर पलीकडे वळू नये म्हणून ती त्या थेंबांकडेच बघत राहिली, ते वाळेपर्यंत. मग हळूच मान वर केली. बाक रिकामा होता. त्यावर दोन पेले होते, एक तसाच भरलेला.

दोघी चालू लागल्या. वाटेत शिपाईबाईने मायेने विचारलं, "खरं सांगा मावशी, पोरगा कुठे आहे काही माहीत आहे?"

"नाही," ती म्हणाली. आणि आता ते खरं होतं.