बायरमचा चौथा सिनेमा

बायरम अन्नाएव तुर्कमेनिस्तानचा दिग्दर्शक. पटकथाही स्वतःच लिहायचा. तीस वर्षांत त्याला चारच सिनेमे करू दिले आणि चौथ्यावर तिथल्या सरकारने बंदी घातली. तोच सिनेमा आमच्या फिल्म क्लबने नौपाड्यात लावला. म्हातारा स्वतः आलेला, आपला सिनेमा पहिल्यांदाच लोकांमध्ये बसून बघायला.

सकाळी दहाला सुरू व्हायचा. पण अकरा वीसपर्यंत नुसते सत्कार. प्रायोजक, प्रायोजकाची बायको, तिचा भाऊ. प्रत्येकाला शाल-श्रीफळ आणि वर भाषण!

मी अध्यक्षांना गाठलं. "सुदेशदादा, सिनेमा दोन तासांचा आहे. हॉल एकला सोडायचाय."

"अगं कल्पिता, शेवटची वीस मिनिटं गेली तर काय बिघडलं? तुर्कमेनी कळतंय कोणाला?"

एकला सुदेशदादाने खरंच सिनेमा थांबवून दिवे लावले. पडद्यावरची आई तुरुंगाच्या फाटकाशी उभी होती. मुलगा बाहेर येतो की नाही, ते कळायचंच होतं. लोक मात्र चपला शोधत उठले.

बायरमने मोडक्या इंग्रजीत मला विचारलं, "इथे कोणी बंदी घातली?"

मी माईक ओढून घेतला, त्याचा प्रश्न सगळ्यांना मराठीत सांगितला आणि सुदेशदादाकडे बोट दाखवलं. "यांनी."