गच्चीवरचं पिल्लू

वानरी विजेच्या तारेला चिकटून मेली, तेव्हा पिल्लू तिच्या पोटाशीच होतं. ते कसं वाचलं, कोण जाणे.

लोणारच्या त्या गल्लीत वानरं आता घरचीच झाली होती. सरोवराकाठचं रान सुकलं की कळप गावात यायचा. नळाची तोटी फिरवायला तो शिकला होता. शनिवारी कुठल्या दारात पोळी मिळते, हेही त्याला ठाऊक होतं. माणसं पत्र्यांवर बाभळीच्या काट्या टाकायची आणि त्याच हातांनी अंगणात केळी ठेवायची. तारा मात्र कळपाला अजून उमगल्या नव्हत्या.

जयमाला कॉलेजात जीवशास्त्र शिकवायची. तिनं पिल्लू उचललं, तसं त्यानं तिचा पदर मुठीत धरला. गुलाबी तोंडाचं, आठवडाभराचंही नसेल. समोरच्या पिंपळावरून एक लेकुरवाळी वानरी त्याच्याकडे टक लावून बघत होती.

"मामाजी," ती सासरे कारभारी यांना म्हणाली, "याले गच्चीवर नेते. ती उचलून घेईन याले, दूध पाजीन. फक्त खाली गलबला नको."

"अन् मारुतीरायाले मुक्यानं नेऊ?" कारभारी म्हणाले. "वानर गेलं का मिरवणूक निघते, तेरावं होते. गावाची रीत हाय बाई."

"जराक थांबा."

"उन्हात किती वेळ ठेवू? बरं, जाय. लवकर आटप."

जयमालानं पिल्लू गच्चीच्या कठड्याजवळ ठेवलं आणि ती जिन्याच्या दाराआड बसली. बऱ्याच वेळानं वानरी फांदीवरून उतरली. थांबली, पुन्हा सरकली. तिनं हात लांबवून पिल्लाच्या पाठीला लावला. पिल्लू चिरकलं.

"अवं माय!" शेजारच्या गच्चीवरून अन्नपूर्णाबाई ओरडल्या. "देवानं लेकरू मांगं ठेवलं! या व साऱ्या, दर्शन घ्या!"

वानरीनं परत पिंपळावर उडी मारली. जिन्यावर पावलं वाजली. हळदकुंकू, गुलाल, नारळ, दुधाची वाटी. खाली ढोल सुरू झाला.

"हात जोडते, खाली जा," जयमाला म्हणाली. "ती परत येईन, गेल्या तर."

"देवाचं दर्शन अडवते का कोणी?"

"कॉलेजातले पोट्टे कमी पडले काय व, तं आता याले शिकवून राह्यली?"

बायका हसल्या. एकीनं मायेनं पेढा दुधात कुस्करला आणि बोटानं पिल्लाच्या तोंडात घातला. जयमालानं हात धरेपर्यंत घास आत गेला होता. पिल्लाच्या नाकातून दूध आलं. वाद्यांच्या आवाजानं कळप पत्र्यापत्र्यांवरून सरोवराकडे निघून गेला.

बायका मिरवणुकीमागं गेल्या. जयमाला पिल्लू कुशीत घेऊन ऊन उतरेपर्यंत तिथंच बसली. पिंपळ रिकामा राहिला. पिल्लाच्या छातीत घरघर लागली होती. तिन्हीसांजेला घरघर थांबली.

कारभारी वर आले. डोक्यावर, खांद्यांवर गुलाल होता.

"आईशेजारी जागा हाय," ते म्हणाले. "दे इकडं."

तिनं द्यायला हात पुढं केले, पण पिल्लाच्या मुठी पदरात रुतल्या होत्या. एक बोट सोडवावं तर हाड मोडेलसं वाटलं. तिनं पुन्हा प्रयत्न केला नाही.

"कातर आणता?"

कारभारींनी कातर आणून दिली. त्यांनी पदर ताणून धरला, आणि तिनं मुठींच्या कडेनं कापायला सुरुवात केली.